चर्चच्या भिंतीवरचं नाव

रोम, २८ ऑक्टोबर १९६५

ती. इन्कोरोनाताताईस,
कानिओचा शि. सा. न. वि. वि.

पत्राला उशीर झाला म्हणून रागावली असशील. रागव. इथे माणसाला बूट काढायला सवड नाही.

आमचे दिग्दर्शक ऑत्तोरिनो झानेत्ती, आम्ही त्यांना माएस्त्रो म्हणतो, त्यांचं डोकं एका जागी राहत नाही. मी आलो तेव्हा ते हर्क्युलिसचं चित्र करत होते आणि मी कागदी खडक रंगवायचो. पैलवानांना गिऱ्हाईक उरलं नाही तसे ते गुप्तहेरांकडे वळले, मग काउबॉयकडे. तेच खडक मी पिवळे केले, झाली अमेरिका. दर खेपेला पोस्टरवर नवं अमेरिकन नाव लावतात, कारण इटालियन माणसाने केलेला काउबॉय बघायला इटालियन माणूसच जात नाही. आम्ही सकाळी विचारतो की माएस्त्रो, आज आपण कोण? तेही हसतात. पण परवा म्हणाले की त्यांच्या आईने त्यांचं एकही चित्र पाहिलं नाही, पोस्टरवर मुलाचं नाव तिला कधी सापडलंच नाही.

आता भुतांचं चित्र काढायला घेतलंय. मी आपल्या पिएत्रास्कुराचं वर्णन केलं तर म्हणाले की सेट बांधायलाच नको. मंगळवारी, ऐन मृतांच्या दिवशी, सगळी फौज गावात येतेय. मी नाही. बाबांनी शपथ घातलीय की ते जिवंत असेपर्यंत मी आपल्या उंबऱ्यात पाऊल टाकायचं नाही, ती मोडायची माझी छाती नाही. शेती सोडून खडक रंगवायला गेलेला पोरगा घराण्याचं नाव बुडवणार, हेच त्यांचं पालुपद.

एक गंमत सांगतो. चर्चच्या भिंतीवर मयतांचे काळ्या चौकटीचे कागद लावतात ना, तसे चित्रात हवे आहेत. आपल्याकडची नावं सांग म्हणाले. खऱ्या मेलेल्यांची दिली तर त्यांची झोप मोडेल, म्हणून मी सगळी जिवंतांची दिली. एजिदिओ न्हाव्याचं दिलं, आणि पहिलं बाबांचं, सगळ्यांत मोठ्या अक्षरात. बुडालेलं नाव आता पडद्यावर बघा म्हणावं. आईला आधी सांगू नकोस.

लोभ आहे तेवढा ठेव, शिव्या आईसाठी सोड.
तुझा धाकटा,
कानिओ


पिएत्रास्कुरा, ४ नोव्हेंबर १९६५

चि. कानिओ यास,
ताईचे अ. उ. आ. (नाइलाजाने)

तुझं पत्र बुधवारी आलं. दोन दिवस आधी आलं असतं तर मी भिंतीवरचे कागद दातांनी फाडले असते.

मंगळवारी उजाडायच्या आत तुमच्या माणसांनी ते चिकटवले, तेही जिथे खरे लागतात तिथेच. मृतांचा दिवस, अख्खं गाव काळे कपडे घालून चर्चला निघालेलं. बाबा मात्र आईचं न ऐकता ऑलिव्ह झोडायला मळ्यात गेलेले. थोड्या वेळाने दारात बायकांची रांग. सुतकाच्या घरी चूल पेटत नाही म्हणून कोणी पावट्याची उसळ आणलेली, कोणी कोंबडीचा रस्सा. जेरार्दा आत्या तर दारातूनच हंबरत आली. आई विचारते की कोण गेलं, आणि कोणी सांगेना. शेवटी आत्यानेच सांगितलं. आई तिथेच खाली बसली, दातखीळ बसल्यासारखी. मी तिच्या तोंडावर पाणी मारलं, कानिओ.

तेवढ्यात खेचर हाकत बाबा आले. आत्याच्या हातून रश्श्याचं भांडं सुटलं. बाबा तसेच चौकात गेले, एकेक अक्षर लावत आपलं नाव वाचलं, परत आले, बूट काढले आणि भिंतीकडे तोंड करून निजले. एजिदिओने स्वतःचा कागद दुकानात आरशाशेजारी लावलाय, तो हसतो. बाबा हसत नाहीत. तुझे माएस्त्रो टोपी हातात घेऊन माफी मागायला आले. बाबांनी एवढंच विचारलं की नाव कोणी दिलं. ते म्हणाले, तुमच्या मुलाने.

तेव्हापासून बाबांनी घास घेतला नाही. भिंतीवर नाव लागलेला माणूस उठत नसतो म्हणतात. डॉक्टर सांगतात की आजार नाही. आणि मेल्याचं जेवण घरभर साठलंय.

काय करायचं ते तूच सांग.
इन्कोरोनाता


रोम, ७ नोव्हेंबर १९६५

ताई,

मायने जमत नाहीत आज. पत्र वाचून मी पुठ्ठ्याच्या थडग्यावरच बसलो, ते मोडलं. कोणी ओरडलं तेही ऐकू आलं नाही.

मला खरंच वाटलं होतं की जिवंत माणसाला कागदाने काय होतं. आता कळतंय की मेलेल्यांची झोप जपण्याच्या नादात मी जित्याला निजवलं. मी निघू का? आलो तर शपथ मोडते, आणि ते जिवंत असताना मोडली तर त्या रागाने जातील. नाही आलो तर नुसतेच जातील. मी बस थांबते तिथे उभा राहतो, घरात येत नाही. आईने खिडकीत दिवा लावावा, म्हणजे ते आहेत एवढं मला कळेल.

त्यांच्या कानात सांग की मोठं अक्षर मी चांगल्यासाठी काढायला लावलं होतं.

माझ्यावर जी माया उरली असेल ती त्यांच्याकडे वळव.
कानिओ


पिएत्रास्कुरा, १० नोव्हेंबर १९६५

चि. कानिओस अ. उ. आ. (या वेळी मनापासून)

आधी बातमी: बाबांनी रस्सा प्यायला, वर मीठ कमी म्हणाले.

शनिवारी माएस्त्रोंनी गल्लीतून खोटी प्रेतयात्रा काढली. रडायला शहरातल्या नट्या आणलेल्या, आणि रडणं असं, जणू एखादीचा मोजा फाटलाय. बाबांनी थोडा वेळ सोसलं. मग उठले, सदऱ्यावरच खिडकीत गेले आणि ओरडले की लाकोराझ्झांच्या घरचा माणूस गेला तर असं रडत नाहीत, जेरार्दाला बोलवा. शवपेटी धरणाऱ्यांनी पेटी टाकून पळ काढला. माएस्त्रोंनी कॅमेरा खिडकीकडे वळवला आणि बाबांनी शहरी बायांना, बँडला, पाद्र्यालाही धारेवर धरलं. कोणी थांबवलं नाही.

संध्याकाळी माएस्त्रो म्हणाले की भुतांचं चित्र रद्द, हे आता विनोदी होणार. पोस्टरवर कोणतं अमेरिकन नाव लावणार असं मी विचारलं. म्हणाले की या खेपेला स्वतःचंच, आई अजून आहे.

तुझं पत्र मी बाबांना वाचून दाखवलं. मोठ्या अक्षराचं पुन्हा वाचायला लावलं. आता ते सांगतात तसं लिहिते. शपथ ते जिवंत असेपर्यंतची होती. चर्चच्या भिंतीप्रमाणे ते मंगळवारी वारले, पाद्र्याचीही हरकत नाही. तेव्हा नाताळला ये, आणि बसपाशी उभं राहायचा तमाशा करू नकोस. आणखी एक म्हणतात की नाताळचं डुक्कर घरच्या कर्त्या पुरुषाने कापायचं असतं, मेलेल्याने नव्हे, म्हणून सुरी तुझ्यासाठी परजून ठेवलीय.

सही करायला त्यांनी माझ्या हातातून टाक ओढून घेतला. अक्षर त्यांचंच आहे.

कै. वीतो लाकोराझ्झा