चौथ्या शीलाला थांबून

बाबा, तुम्ही गेल्याला नऊ वर्षं झाली आणि मला तुमच्याशी एका खोट्याबद्दल बोलायचं आहे.

आपली रविवारची वंदना स्वयंपाकघरात व्हायची, कारण चौघांना ओळीत उभं राहता येईल एवढी जागा घरात तिथेच होती. आई गॅस बंद करते, फडताळातल्या बुद्धमूर्तीपुढे मेणबत्ती लावते, तुम्ही पांढरा सदरा घालून पुढे उभे आहात, मागे मी आणि दादा. पंचशील म्हणताना तुम्ही चौथ्याला, खोटं न बोलण्याच्या शीलाला, आम्हाला थांबवायचात. "आठवड्यात कुणाशी खोटं बोललात? असेल तर आधी निस्तरा, मग पाचवं म्हणा." एकदा मी शेजारच्या काकूंची बरणी फोडून मांजरावर ढकललं होतं. मी रडत तुम्हाला सांगितलं, तर तुम्ही म्हणालात, "मला सांगून काय होते? बरणी माझी होती का?" आई कुरकुरली, "अहो, भाजी निवते आहे." "निवू दे." मी काकूंकडे जाऊन आले तेव्हा मेणबत्ती अर्धी झाली होती आणि तुम्ही तिघं तसेच उभे होतात. पाचवं शील आपण एकत्र म्हटलं.

शाळेच्या कारकुनाने माझ्या धर्मापुढे 'हिंदू' लिहिलं, तेव्हा तुम्ही वीज केंद्रातली पाळी बदलून आलात. "आमच्या बापानं नागपूरला दीक्षा घेतली साहेब, ती काय दाखल्यात खोडायला? बौद्ध लिहा." तो हसला. तुम्ही हसला नाहीत. मला तेव्हा तुमची लाज वाटली होती. हेही कधी सांगितलं नाही.

इथे जर्मनीत, डार्मश्टाटमध्ये मी पीएचडी करते. एकटेपणा फार झाला तेव्हा तिबेटी परंपरेच्या एका केंद्रात जाऊ लागले. जुन्या घराचा वरचा मजला, दाराशी ओळीने काढलेले बूट, शिकवणारी एक म्हातारी जर्मन भिक्षुणी. आपल्याकडे नसलेल्या घंटा आणि रंगीत चित्रं होती, पण बसल्यावर बरं वाटायचं. या मार्चमध्ये तिथे शरणगमनाचा, म्हणजे बुद्ध, धम्म, संघाला रीतसर शरण जाण्याचा विधी होता. माझ्या संस्थेतली पुण्याची एक ताई हौसेने बरोबर आली. ट्राममध्ये म्हणाली, "बरं झालं गं, तुझ्यामुळे खरा बौद्ध धर्म बघायला मिळणार. आपल्याकडे काय, मोर्चे आणि सवलती." मी खिडकीबाहेर बघत "हं" म्हटलं. दोन वर्षं तिच्या डब्यातलं खाल्लं आहे, बाबा. माझ्या आडनावावरून तिला काही कळलेलं नाही आणि मी कळू दिलेलं नाही.

विधीआधी भिक्षुणी शरण जाणाऱ्या प्रत्येकासाठी एक कार्ड भरत होती. तिने मला विचारलं, "याआधी कधी शरण गेली आहेस?" प्रश्न साधा होता. दर रविवारी, स्वयंपाकघरात, वडिलांच्या मागे उभी राहून, एवढं म्हटलं असतं तर तिला आनंदच झाला असता. पण ताई माझ्या खांद्याला खांदा लावून उभी होती. मी म्हटलं, "नाही. पहिल्यांदाच." तिने तसं लिहिलं. तुम्ही जो शब्द शाळेत उभं राहून लिहून घेतलात, तो मी न मागता परत केला.

मग माझ्या केसांची एक बट कापली, मला एक तिबेटी नाव मिळालं. शीलं जर्मनमध्ये म्हणायची होती. चौथं आलं आणि मी थांबले. मी वाट बघत राहिले, बाबा, कुणीतरी थांबवेल म्हणून. कुणी थांबलं नाही. सगळे पुढे गेले. ताईने परतताना मिठी मारली, म्हणाली, "आता तू ऑफिशियल हं!"

आई फोनवर विचारते, "वंदना करतेस ना गं?" मी हो म्हणते. तेही पुरतं खरं नाही. मी करते, पण चौथ्यापर्यंतच. तिथे उभी राहते आणि मेणबत्ती विझवते. आठ महिने झाले, पाचवं म्हटलेलं नाही.

ताई रोज दुपारी कँटीनमध्ये माझ्यासाठी खुर्ची धरून ठेवते. उद्याही धरेल. सांगायचं तिला आहे, हे मला कळतं. तुम्हाला लिहिलं, कारण तुम्ही आता 'बरणी माझी होती का' असं विचारू शकत नाही.