पाठ महत्त्वाची

ती. आत्यास साष्टांग नमस्कार (मनातल्या मनात, सध्या मला वाकायला मनाई आहे, कारण पुढे कळेलच). तुझा गुडघा काय म्हणतो? निवृत्त झालीस तरी शेजाऱ्यांच्या पाट्यांवरचं शुद्धलेखन तपासतेसच ना?

मला सिनेमा मिळाला! नेहमीचा नव्हे हं. यात गाणी नाहीत, मारामारी नाही, बराच वेळ सिनेमाही नाही. निरोप आला, "पाठ महत्त्वाची. बाकी काही नको." (तू 'महत्त्वाची'वरूनच ओळखलं असतंस. मी पडलो दिवटा.) सोबत आलेली अठ्ठेचाळीस पानं घोकून गेलो आणि घडाघडा म्हणून दाखवली. दिग्दर्शिका बाईंनी सगळं ऐकून घेतलं, खुर्ची खिडकीकडे फिरवली आणि म्हणाल्या, "छान. आता बसा, पाठ दिसू दे." अगं, त्यांना पाठांतर नको होतं, पाठ हवी होती! सिनेमाभर मागे सगळं घर बोलतं आणि मी ऐकतो. तेही पाठीने. जरा मान हलली की बाई ओरडतात, "कानाने ऐकताय!" पाठीने ऐकायचं म्हणजे नेमकं करायचं काय, हे मी अकरा दिवस दिसेल त्याला विचारतोय. मेकअपवाला म्हणाला, मला काय विचारता, मला तर इथे कामच नाही.

पण आपली पाठ आपल्याला कधी दिसते गं? मला भारी उत्सुकता होती. काल बाईंनी झालेला भाग दाखवला. डावा खांदा उतरलेला, मान पुढे. आत्या, ती माझी पाठच नव्हती, बाबांची होती! घड्याळांवर वाकून वाकून झालेली. मी दुकान सोडतोय म्हटल्यावर त्यांनी स्टूल भिंतीकडे फिरवलं ना, तेव्हाची. दोन वर्षं मला वाटत होतं, ते माझं काही ऐकतच नाहीत. तसं बसून पाहिल्यावर कळलं, शब्द न् शब्द ऐकू येतो. फार वाईट वाटलं गं.

पाठीवर हात असू दे (हळूच, अजून आठवडाभर काम आहे).

तुझा,
पाठमोरा भाचा

ता. क. बाईंना या पाठीचे वडील हवे आहेत. बोलायचं नाही, तोंड दाखवायचं नाही. बाबांची दोन वर्षं तालीम झालीच आहे. विचारशील?

आणखी एक ता. क. वरचा ता. क. साफ खोटा आहे, बाबांसाठी असं कामच नाही. तू दुपारी दुकानात जातेस, तेव्हा हे पत्र मोठ्याने वाच. बाबा भिंतीकडे तोंड करून बसले तरी चालेल. फक्त त्यांची मान हलली का, तेवढं कळव.