दुसऱ्या बाजूचं चौथं गाणं

बाबा,

गंगापूरला पाणीटंचाईच्या बैठकीला गेलेय, सातपर्यंत येईन. टँकर चारला येईल, पाइप लावून ठेवलाय.

प्लेअरवर रेकॉर्ड आहे. जुन्या काळी गॅरेजात वाजवणाऱ्या बँडांची गाणी जर्मनीत कुणीतरी एकत्र केलीत. दुसऱ्या बाजूचं चौथं गाणं तुमचं आहे, बहात्तरच्या दुष्काळातलं. तुम्ही इतकी बेफाम गिटार वाजवायचात? अंगावर काटा आला माझ्या. कधी बोलला नाहीत!

गाणं संपताना एक बाई ओरडते, "अहो, पुरे तो धिंगाणा! नळ आलाय, हंडे भरा आधी!" आणि सगळे हसतात.

तेवढंच मी सहा वेळा ऐकलं. आई गेली तेव्हा मी आठ महिन्यांची होते. तोंडावर विचारायला धीर झाला नाही, म्हणून लिहितेय. ती आईच आहे ना?

चारुता