माझ्या सहीवाचून

गुरुवार, एकादशी

सरपंच मी, पण नळयोजनेच्या कागदावर हे नेहमीसारखे माझ्या नावाची सही करायला बसले, तर साकोलीहून आलेले साहेब म्हणाले, "नाही भाऊ, वहिनीचीच पाहिजे. पाणी समितीत अर्ध्या बाया, अशी दिल्लीची अट आहे. त्याबिगर मुंबईलेही पैसा सोडता येत नाही."

देवा, एवढ्या लांब कोणाला आठवली असेल माझी सही?

मग कागद नीट वाचला. तळ्यापलीकडच्या टोलीची, त्या लहानशा वस्तीची, घरं त्यात नव्हतीच.

"ते लिहा पहिले, मग सही," मी म्हटलं.

हे हसले, "आता तूच साहेब झाली का व?"

साहेब हसले नाहीत. त्यांनी एकेक घर लिहून घेतलं. मग मी सही केली. सवय नव्हती, आडनाव ओळीखाली उतरलं.