अर्ध्यावर थांबवलेला मल्याळी सिनेमा

४ मे, रविवार. एडिसन, न्यू जर्सी
दुपारी कुरियनकडे. ऑगस्टमध्ये त्यांच्या जोबिनशी माझ्या मुलीचं, मैत्रीचं, लग्न, म्हणून हल्ली दर रविवारी व्याह्यांच्या घरी मल्याळी सिनेमा, खाली इंग्रजी अक्षरं. चांगले असतात. हिरोला पोट असतं, मारामारीत धाप लागते.
आजच्यात जुन्या ख्रिश्चन घराण्यातला मुलगा, मागाहून ख्रिश्चन झालेल्या मजुरांची मुलगी. मुलाचा बाप तिच्या बापाला अंगणातच उभा ठेवतो, एक शब्द वापरतो. खाली नुसतं 'यू पीपल'. विजेच्या पॅनेलची घरघर ऐकून फॉल्ट सांगणारे माझे कान. विचारलं, तो शब्द काय होता? कुरियननी सिनेमा थांबवला. "जुना शब्द. आता कोणी वापरत नाही." क्रिकेट लावलं.
ताटं उचलताना कुरियनच्या मिसेस, आनम्मा, हळूच म्हणाल्या, "माझी सासू वापरायची."

६ मे
काम करताना तोच शब्द डोक्यात.
पहिल्या भेटीत कुरियन म्हणाले होते, "बुद्धिस्ट? मेडिटेशन! व्हेरी पीसफुल." मीही हसलो. ते येणार म्हणून सकाळीच निळ्या कोटातला फोटो हॉलमधून काढून बेसमेंटमध्ये ठेवला होता. बुद्ध राहू दिला, तो इथं सगळ्यांच्याच घरी असतो. खिळा विसरलो. "इलेक्ट्रिशियनच्या घरी रिकामा खिळा?" म्हणाले. रंगकाम काढलंय, म्हणालो.
नागपूरहून निघताना बापानं दिलेला फोटो.

९ मे
मैत्रीला विचारलं, त्यांना सांगू का? लग्न मोडलं तर? जोबिनला कॉलेजपासून माहीत आहे म्हणे. त्याचा बाप काय म्हणेल ते तो सांगू शकत नाही. मग म्हणाली, "आय नेव्हर हिड हिम, डॅड. यू डिड."


१८ मे, रविवार
कुरियन मंडळी आपल्याकडे जेवायला. सकाळी फोटो त्याच खिळ्यावर. सरळ आहे का ते लेव्हल लावून दोनदा पाहिलं.
बूट काढता काढता कुरियननी वर पाहिलं. केरळचा माणूस, फोटोची ओळख करून द्यावी लागली नाही. एक बूट हातातच.
मी म्हणालो, "रंगकाम झालं." मग म्हणालो, "त्या दिवशीच्या शब्दाला आमच्या गावात दुसरा शब्द होता. माझ्या बापाला तोच म्हणायचे."
आनम्मा म्हणाल्या, जेवण मागाहून, आधी तो सिनेमा पूर्ण करू.
लावून दिला. त्याच जागी थांबवलाय, अंगणात उभा बाप. रिमोट कुरियनसमोर ठेवला आणि पाणी आणायच्या निमित्तानं आत आलो. ओट्यापाशी उभ्यानंच हे लिहितोय. भात निवतोय.
कान बाहेर. अजून सिनेमाचा आवाज नाही. पण बाहेरचं दार लागल्याचाही नाही.