गायनॉइड आणि आईंची वेणी

रत्नागिरी, मंगळवार, दिवेलागणीनंतर

मुलांसाठीच्या विज्ञानलेखात आज 'गायनॉइड' या शब्दापाशी अडले. बाईच्या रूपातलं यंत्र. अँड्रॉइड खरं तर पुरुषाच्या रूपातलं, पण लोक दोन्हींना तेच म्हणतात. मग हा शब्द वापरतं तरी कोण? मराठीत काय करू? यंत्रस्त्री? 'यंत्रबाई' म्हटलं की शाळेतल्या गणिताच्या बाई आठवतात.

सासूबाईंची वेणी घालतानाही तेच डोक्यात. अर्धांगाचा झटका आल्यापासून त्यांचा उजवा हात चालत नाही, म्हणून वेणी माझ्याकडे. माझं पुटपुटणं त्यांनी ऐकलं.

"बाईसारखं यंत्र? वेणी घालील काय गो ते?"

"घालेल की."

"केस ओढील?"

"छे! अजिबात नाही ओढणार, आई."

मग त्या हळूच म्हणाल्या, "मेधा, मला त्याच्या हवाली करायचं मनात आहे काय तुझ्या?"

माझा कंगवा थांबला. काल मी ह्यांना मुंबईला फोनवर म्हणाले होते, आईंचं करायला बाई ठेवू या का? ते ऐकलं असणार त्यांनी. कालपासून मनात ठेवलं!

"नाही हो. लेखातला शब्द आहे नुसता."

"मग बरं. तू ओढतेस तेव्हा कळतं, आज हिचं लिखाण अडलंय. आज तर टाळकं सोलून काढलंस."

दोघीही हसत सुटलो.

लेखात सरळ 'बाईच्या रूपातलं यंत्र' लिहून टाकलं. बाई ठेवूच, पण धुण्याभांड्याला. वेणी मी घालीन. ओढूनच घालीन.