जमादारसाहेब, तोंड तिकडं करा

आबा, परवा मुरगूडहून आपल्या विणकर सोसायटीची माणसं आली होती. सोसायटी खास अंक काढते आहे. तुम्ही लढवलेल्या निवडणुकीवर तुमचा मुलगा म्हणून मी लिहावं, आणि मंगळवारपर्यंत द्यावं, असं त्यांचं म्हणणं. महाराजांच्या राज्यात कोर्टानं पोलीस दिले आणि निवडणूक शांततेत पार पडली, एवढं आलं की झालं, असंही जाता जाता सांगून गेले. आयुष्यभर वर्तमानपत्राला मजकूर वेळेवर दिला, हाही देईन. ते वाक्य मात्र देणार नाही.

सोसायटी विणकरांची, पण तेव्हा अध्यक्ष सुताचा व्यापारी. दरवर्षी त्याच्याच दुकानापुढं हात वर करून निवडणूक व्हायची आणि त्याची माणसं काठ्या घेऊन मागं उभी राहायची. ज्याचा हात विरोधात गेला, त्याच्या हातमागावर पुढं वर्षभर गाठाळ, तुटकं सूत यायचं. म्हणून तुम्ही कोर्टात गेलात. तारखेच्या आदल्या दिवशी मुरगूडहून चालत निघायचात, रात्री शहरात मंगळवार पेठेतल्या माझ्या खोलीवर भाकरी खायचात आणि तारीख झाली की परत जायचात. शेवटी हुकूम मिळाला: मतदान चावडीपुढं, पोलीस बंदोबस्तात.

त्या सकाळी मीही आलो होतो. जमादार आणि चार शिपाई आपल्या आळीकडं तोंड करून रांगेत उभे आहेत, आणि आळीत एकही दार उघडं नाही. माग बंद. आपण दोघं घरोघर फिरतो. शेजारचे मोमीन चाचा दाराच्या फटीतूनच बोलतात, "आबा, शिपाई आल्यात म्हंजे कुणाला तरी न्यायला आल्यात. मी न्हाय येत." त्यांचं काय चुकलं? आपल्या आळीत शिपाई यायचा तो धरायला, नाहीतर वेठीला न्यायला. राखायला आलेला शिपाई कुणी पाहिलाच नव्हता. अर्ज लिहिताना ते तुमच्या ध्यानात आलं नाही, माझ्याही नाही. चावडीच्या कट्ट्यावर अध्यक्षाची माणसं काठ्या घेऊन बसलेली; त्यातला एक हसत विचारतो, "आबा, मतदार बी कोर्टातनंच आणायचं हुतं की."

मला वाटलं, तुम्ही आता हुकमाचा कागद काढणार. तुम्ही कट्ट्याकडं हात केलात.

"जमादारसाहेब, तोंड तिकडं करा. भ्या त्या बाजूनं हाय."

"हुकमात तोंडाचं कुठं लिवलंय?"

"संरक्षण लिवलंय की. पाठ करून कसं राखणार?"

जमादारानं एकदा तुमच्याकडं पाहिलं, एकदा काठ्यांकडं. मग तो वळला आणि त्याच्यामागं चौघं वळले. आळीला पाच पाठी दिसल्या. पहिलं दार चाचांचंच उघडलं. तासाभरात चावडीपुढं उभं राहायला जागा उरली नाही, आणि तुमच्या नावाला हात वर गेले तेव्हा कट्ट्यावरचे लोक काठ्या टेकून नुसते बघत होते. पोलीस कोर्टानं दिले, ते मी नाकारत नाही. पण त्यांना फिरवलं तुम्ही. हे मी खास अंकासाठी लिहिलं आहे, आणि एक ओळ जरी गाळायची असेल तर माझा लेख परत द्या, असं वर टाचून ठेवलं आहे.

तेव्हा माझ्या वर्तमानपत्रात मी दिलेली बातमी आली होती ती एवढीच: पोलीस बंदोबस्तात निवडणूक शांततेत पार पडली. तुम्ही ती जेवणाच्या पाटावर वाचलीत आणि ताट सरकवलंत. "पोलीस आलं हे समद्यांस्नी म्हाईत हाय. फिरिवलं कुणी?" मी म्हणालो, रकाना भरला होता. पुढं कधी विषय निघाला, तरी मी तेच सांगत राहिलो. तुम्ही गेलात तोवर.

हे पत्र पेटीत टाकायला पत्ता नाही, तेव्हा ते हुकमाच्या नकलेबरोबर ट्रंकेत राहील. रकान्यात जागा होती, आबा. त्याच पानावर खाली त्या व्यापाऱ्याच्या दुकानाची जाहिरात होती. संपादकांनी मला काहीच सांगितलं नव्हतं. 'तोंड तिकडं करा' हे तुमचं वाक्य मी बातमीत लिहिलं होतं, आणि मीच खोडलं.